चार दिवसांत बरं होणारं गजकर्ण आठ महिने का राहतं?

ठाण्याच्या एका वाचकाचा प्रश्न आहे. थोडक्यात देते. वय 34, नोकरी बसून, येणं-जाणं लोकलने. गेल्या पावसाळ्यात जांघेत खाज सुटली आणि गोल चट्टा उठला. मेडिकलवाल्याने एक ट्यूब दिली, चार दिवसांत सगळं साफ. पंधरा दिवसांनी परत तेच. पुन्हा ट्यूब, पुन्हा साफ, पुन्हा हजर. असे आठ महिने गेले. आता चट्टे कमरेवर आणि पार्श्वभागावर पसरलेत, बायकोच्या पोटावर निघालेत आणि चार वर्षांच्या मुलीच्या गालावर एक गोल दिसायला लागलाय. त्यांनी विचारलंय, ‘रक्तात दोष आहे का? पथ्य काय पाळू? आणि हे कायमचं जाईल का?’

रक्तात दोष नाही आणि हे पूर्ण जातं, ही दोन उत्तरं आधीच देऊन टाकते. तिसरं उत्तर लांब आहे. ते वाचण्यापूर्वी एक काम करा. ती ट्यूब हातात घ्या आणि उलटी करा. पुढे मोठ्या अक्षरांत जे नाव छापलंय त्याला काही अर्थ नाही. मागे, घडी घातलेल्या टोकाजवळ, भिंगाशिवाय दिसणार नाही अशा अक्षरांत घटक लिहिलेले असतात. माझा अंदाज असा की तिथे तीन किंवा चार नावं असतील आणि त्यातलं एक क्लोबेटासोल, बीटामेथासोन, बेक्लोमेथासोन, मोमेटासोन नाहीतर हॅलोबेटासोल असेल. ही सगळी स्टिरॉइडं. क्लोबेटासोल तर त्वचेवर लावायच्या सगळ्यात जहाल स्टिरॉइडांपैकी.

माझ्या टेबलावर अशा ट्यूबा रोज येतात. नेहमीचं मिश्रण म्हणजे क्लोबेटासोल, ऑफ्लोक्सासिन, ऑर्निडाझोल आणि टर्बिनाफिन. गजकर्ण हा बुरशीचा आजार, आणि यातलं बुरशीचं औषध एकटं टर्बिनाफिन. ऑफ्लोक्सासिन-ऑर्निडाझोल ही जोडी आपल्याकडे जुलाबावर देतात, ती जांघेत काय करते हे मला एकवीस वर्षं प्रॅक्टिस करून कळलेलं नाही. पण चार दिवसांत खाज थांबवण्याची करामत त्या क्लोबेटासोलची. माणूस परत जाऊन तीच ट्यूब मागतो ती त्याच्यामुळेच.

आता हे होतं कसं ते बघू. गजकर्ण, नायटा, दाद ही एकाच आजाराची नावं. तो करणाऱ्या बुरशीचं खाणं केराटिन. केराटिन म्हणजे ज्याची आपली नखं, केस आणि कातडीचा सगळ्यात वरचा मेलेला थर बनलेला असतो ते. धडधाकट माणसात ही बुरशी त्या मेलेल्या थरातच राहते, रक्तात शिरत नाही. म्हणूनच ‘रक्त शुद्ध करणारी’ बाटली पिऊन तिला काहीही होत नाही. ती तिथे बसून पदार्थ सोडते, शरीराला त्यांचा पत्ता लागतो, आणि शरीर त्या जागी रक्तपुरवठा वाढवून तिला हुसकावायला लागतं. लाली, खाज, उठलेली कड हा सगळा त्या हुसकावण्याचा खटाटोप. बुरशी मध्यातून बाहेर सरकत जाते, मागची जागा निवळत जाते, म्हणून गोल तयार होतो. हत्तीच्या कानाची उपमा ज्याने पहिल्यांदा दिली त्याने ती वाढती, दुमडलेली कड नीट पाहिली असणार.

स्टिरॉइड हा खटाटोपच बंद करतं. लाली जाते, खाज जाते, आणि बुरशी निवांत चरत राहते. राखणदाराला झोपेची गोळी द्यायची आणि भुंकणं थांबलं म्हणजे चोर गेला असं समजायचं, त्यातला प्रकार. ट्यूब थांबली की राखणदार जागा होतो. तोवर चोर शेजारच्या दोन खोल्यांतही शिरलेला असतो. तुमचा चट्टा जांघेतून कमरेवर गेला तो असा.

मग त्या ट्यूबमधलं टर्बिनाफिन काय करत होतं? थोडं काम करत असेलही, पण चार-पाच दिवसांत कुठलंच बुरशीचं औषध काम पुरं करत नाही, आणि खाज थांबल्यावर पाचव्या दिवशी कोण लावतं? शिवाय तुमच्या अंगावरच्या बुरशीला टर्बिनाफिनची पर्वा नसण्याची शक्यताही बरीच आहे. त्याकडे पुढे येते.

अनेक महिने स्टिरॉइड लावलेलं गजकर्ण ओळखायला कठीण होऊन बसतं. कड पुसट होते, गोलात गोल, त्यात आणखी एक गोल अशी रिंगणं उमटतात, कधी मध्ये फोड येतात. जांघेत आणि काखेत कातडी कागदासारखी पातळ होते आणि बाळंतिणीच्या पोटावर असतात तसे जांभळट, मग पांढरे ओरखडे उमटतात. हे ओरखडे जात नाहीत. एकोणीस-वीस वर्षांची मुलं माझ्यासमोर ते दाखवून विचारतात की ‘मॅडम, हे कधी जाणार’, आणि मला खरं सांगावं लागतं. तुम्ही आज अंघोळीच्या वेळी आरशात जांघेच्या आतल्या बाजूला नीट बघून घ्या.

सरकारने यात काहीच केलं नाही असं नाही. 2018 मध्ये चौदा प्रकारची लावायची स्टिरॉइडं शेड्यूल एचमध्ये घेतली, म्हणजे चिठ्ठीशिवाय विकायची नाहीत. त्याच वर्षी 328 मिश्र औषधांवर बंदी आली, त्यात काही अशी मलमंही होती. त्वचारोगतज्ज्ञांच्या अखिल भारतीय संघटनेने, आयएडीव्हीएलने, यासाठी खास गट नेमून बरीच वर्षं पाठपुरावा केला. तरी नाक्यावरच्या काउंटरवर काय मिळतं ते तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. दोष एकट्या मेडिकलवाल्याचा नाही. अशी ट्यूब चिठ्ठीवर लिहून देणारे डॉक्टरही मी पाहते.

तर आज ट्यूब बंद. लगेच एक सूचना: बंद केल्यावर पहिल्या आठवड्यात, कधी दहा-पंधरा दिवस, खाज आणि लाली उसळून येईल. नव्या औषधाने वाढलं असं वाटेल. नव्वद टक्के लोक इथेच कच खातात, रात्री दोनला उठून जुनी ट्यूब शोधतात. (नव्वद हा माझा अंदाज, कुठल्या अभ्यासातला आकडा नाही.) ती घरात ठेवूच नका. खाजेसाठी सुरुवातीला रात्री ॲलर्जीची गोळी देता येते, ओला गार फडका ठेवता येतो. ही उसळी ओसरते.

यानंतर हे नक्की गजकर्णच आहे का, याची खात्री. तुमच्या वर्णनावरून वाटतं तेच आहे, पण जांघेत लाल-तपकिरी चट्टा दुसऱ्या कारणांनीही होतो. इसब असतो, सोरायसिस असतो, एरिथ्राझ्मा नावाचा जिवाणूंचा प्रकार असतो, जो आमच्या निळ्या दिव्याखाली प्रवाळासारखा लाल चमकतो. आणि घरातली सगळीच माणसं रात्री खाजवत असतील, बोटांच्या बेचक्यांत पुटकुळ्या असतील, तर ती खरूज. तिचं औषध पूर्ण वेगळं.

खात्रीची तपासणी साधी आणि स्वस्त आहे. चट्ट्याच्या मधून नाही, कडेवरून, बोथट पात्याने कोंडा खरवडायचा. दुखत नाही. तो काचपट्टीवर घ्यायचा, वर दहा टक्के पोटॅशियम हायड्रॉक्साइडचा थेंब टाकायचा, झाकणकाच ठेवायची आणि थोडा वेळ थांबायचं. कातडीच्या पेशी विरघळून पारदर्शक होतात, बुरशी विरघळत नाही. मग सूक्ष्मदर्शकाचा प्रकाश कमी करून पाहिलं की विटांच्या बांधकामासारख्या पेशी दिसतात आणि त्या विटांच्या रेघा न जुमानता आरपार गेलेले लांब, चकाकते धागे दिसतात, फांद्या फुटलेले, मध्ये मध्ये पेरं असलेले, बारीक बांबूसारखे. मी पेशंटला बोलावून दाखवते. स्वतःच्या कोंड्यातला तो बांबू एकदा पाहिला की औषध मध्येच सोडणाऱ्यांचं प्रमाण कमी होतं, असा माझा अनुभव. आणि स्टिरॉइड लावून आलेल्याच्या काचेवर धागे इतके गच्च असतात की काही शोधावंच लागत नाही.

आता औषध. लावायच्या मलमात एकच घटक हवा. क्लोट्रिमॅझोल, ल्युलिकोनॅझोल, सर्टाकोनॅझोल, सायक्लोपिरॉक्स, यांतलं कुठलंही तुमचे डॉक्टर देतील ते. पण लावण्याची पद्धत नावाइतकीच महत्त्वाची. आम्ही दोनाचा नियम सांगतो: चट्ट्याच्या कडेबाहेर दोन सेंटीमीटरपर्यंत, दिवसातून दोनदा, आणि चट्टा पूर्ण गेल्यावर पुढे दोन आठवडे. काही मलमं दिवसातून एकदाच लावायची असतात, ते चिठ्ठीवर असेल तसं. सगळे जण कडेच्या आत, जिथे खाज आहे तिथे बोट फिरवतात. बुरशी मात्र कडेवर आणि कडेच्या थोडी पुढे, अजून चांगल्या दिसणाऱ्या कातडीत असते. बाहेरून आत लावत या. किती? तर्जनीच्या शेवटच्या पेरावर ट्यूबमधून पिळलेली एक रेघ म्हणजे साधारण अर्धा ग्रॅम, आणि ती मोठ्या माणसाच्या दोन तळव्यांएवढ्या जागेला पुरते. तुमचे चट्टे जांघ, कंबर आणि पार्श्वभाग मिळून सहा-आठ तळव्यांएवढे असतील तर दिवसाला तीन-चार ग्रॅम लागणार. म्हणजे पंधरा ग्रॅमची ट्यूब चार-पाच दिवसांत संपते. एक ट्यूब महिनाभर पुरली असं कौतुकाने सांगणारे भेटतात. ती पुरली म्हणजे लावलीच नव्हती.

इतकं पसरल्यावर आणि इतके महिने झाल्यावर नुसत्या मलमाने भागत नाही, पोटातून औषध लागतं. माझी प्रॅक्टिस सुरू झाली तेव्हा टर्बिनाफिनच्या दोन-चार आठवड्यांच्या गोळ्यांनी गजकर्ण निघून जायचं, लोक पेढे द्यायला यायचे. साधारण दहा-बारा वर्षांपूर्वी चित्र बदललं. तेच औषध, तोच डोस, आणि पेशंट महिन्याने परत. आधी आम्हाला वाटलं की लोक गोळ्या घेत नाहीत. मग कळलं की बुरशीच बदलली आहे. टर्बिनाफिन बुरशीच्या ज्या एन्झाइमला पकडतं, त्याच्या जनुकात बदल झाल्याने औषधाची पकडच बसत नाही. या बुरशीला 2020 मध्ये ट्रायकोफायटन इंडोटिनी असं नाव मिळालं. नावातच इंडिया आहे. जपानमधल्या संशोधकांनी भारत आणि नेपाळमधून आलेल्या रुग्णांच्या नमुन्यांवरून ते दिलं. मे 2023 मध्ये अमेरिकेच्या सीडीसी या सरकारी रोगनियंत्रण संस्थेने न्यूयॉर्कमधल्या दोन स्त्रियांच्या केसेस जाहीर केल्या, त्यातली एक अलीकडे कुठेही परदेशी गेलेली नव्हती. आखातात, जर्मनीत, इंग्लंडमध्ये राहणारे मराठी लोक तिथल्या डॉक्टरांना गजकर्ण दाखवत असतील तर त्यांनी भारतात येणं-जाणं असल्याचं आणि आधी कुठली मलमं लावली ते आपणहून सांगावं. तिकडच्या साध्या औषधयोजनेत ते बसत नसेल.

म्हणून आज बऱ्याच जणांना इट्राकोनॅझोल द्यावं लागतं, आणि चार-सहा-आठ आठवडे, कधी त्याहून जास्त. हे औषध नखरेल आहे. कॅप्सूल विरघळायला पोटात आम्ल लागतं आणि जेवण लागतं. भरल्या पोटी, जेवण झाल्या झाल्या घ्यायची. आणि सकाळी उठल्याबरोबर ॲसिडिटीची गोळी घ्यायची आपल्याकडे जी घरोघरी सवय झाली आहे, ती इथे आडवी येते. आम्लच मारलं तर कॅप्सूल निम्मी-अर्धी वाया. डॉक्टरला ती गोळी सांगायची राहते, कारण ती औषध आहे असं कुणाला वाटतच नाही. कोलेस्टेरॉलच्या काही गोळ्यांबरोबर इट्राकोनॅझोल चालत नाही, हृदय अशक्त असलेल्यांना ते देत नाहीत, गरोदरपणात तर नाहीच. यकृताची तपासणी सांगितली तर करून घ्या. म्हणूनच मी इथे डोस लिहीत नाही. कुणीतरी ही माहिती कापून मेडिकलवाल्यापुढे धरेल, आणि आपण परत पहिल्या पानावर येऊ.

तुमची पत्नी गरोदर असेल, अंगावर पाजत असेल किंवा दिवस राहण्याचा विचार असेल तर ते डॉक्टरला पहिल्या वाक्यात सांगावं. अशा वेळी क्लोट्रिमॅझोलसारख्या मलमावर भर देता येतो. मुलीच्या गालावर कृपा करून तुमची ट्यूब लावू नका. लहान मुलाच्या गालाची कातडी पातळ असते, क्लोबेटासोल तिथे फार लवकर नुकसान करतं. तिचे केसही विंचरताना बघा. कुठे केस तुटल्यासारखा गोल पट्टा, खवडा, पू असलेली मऊ गाठ दिसते का? डोक्यातलं गजकर्ण केसाच्या मुळात असतं, मलम तिथवर पोचत नाही, पोटातून औषध द्यावंच लागतं. ती पुवाची गाठ गळू समजून कापून आलेली मुलं मी पाहिली आहेत. कापायचं काही नसतं. घरात मांजर, किंवा गावी गोठ्यात चट्टे पडलेलं वासरू असेल आणि मुलगी त्याच्याशी खेळत असेल तर तेही सांगा, त्यांच्यापासूनही येतं.

तिघांचं औषध एकाच दिवशी सुरू व्हायला हवं. एकाचं बरं होईस्तोवर दुसरा त्याला परत देतो, आमच्या भाषेत पिंगपाँग. घरातल्या बाकीच्यांनाही विचारा. सासूबाई लाजेने सांगत नाहीत, हे मी शेकडो वेळा पाहिलंय. साडीखालच्या परकराची नाडी जिथे आवळलेली असते तिथे कमरेभोवती पट्टाच्या पट्टा असतो आणि त्यावर वर्षभर खोबरेल तेल चोळलं जात असतं.

नाडीवरून आठवलं, कमरेचा करगोटा. काळा दोरा, सुती किंवा रेशमी, अंघोळीतही अंगावरच, कधी न वाळणारा. त्याच्या खालून चट्टे दोऱ्याच्या आकारात पळत जातात. काढा म्हटलं की आई कावरीबावरी होते. मी म्हणते, उपचारापुरता काढून देवापाशी ठेवा, बरं झाल्यावर नवा बांधा. चांदीचा असेल तर रोज काढून पुसून घालता येतो. या तडजोडीला आजवर कुठल्या देवाची हरकत आलेली नाही.

तुम्ही ‘पथ्य’ विचारलंत. वांगं, मासे, आंबट, तूरडाळ, काहीही सोडायचं नाही. पथ्य कपड्यांचं. मुंबईच्या दमट हवेत, भरलेल्या लोकलमध्ये, जाड जीन घालून दोन तास प्रवास आणि मग दिवसभर खुर्चीत, हे जांघेतल्या बुरशीला उबवणी यंत्रासारखं आहे. उपचाराच्या काळात तरी सुती, सैल पँट. अंतर्वस्त्र जांघेत न काचणारं, बॉक्सर पद्धतीचं. घामेजून आलात तर घरी आल्यावर अंघोळ, आणि अंघोळीपेक्षाही महत्त्वाचं, नंतर जांघ कोरडी करणं. ओल्या कातडीवर चड्डी चढवून धावणाऱ्यांचं गजकर्ण माझ्याने बरं होत नाही.

टॉवेल प्रत्येकाचा वेगळा आणि रोज धुतलेला. गळलेल्या कोंड्यात बुरशी महिनोन्‌महिने जिवंत राहते, म्हणून तिघांचे कपडे, चादरी वेगळ्या बादलीत, गरम पाण्यात. मशीनला साठ अंशांची सोय असेल तर ती वापरा. आतली बाजू बाहेर करून उन्हात वाळवा. पावसाळ्यात ऊन कुठून आणायचं हा प्रश्न बरोबर आहे. घरात दोरीवर दोन दिवस कुबट होत पडलेली चड्डी घालण्यापूर्वी शिवणीवर, इलॅस्टिकवर कडक इस्त्री फिरवा. बुरशी शिवणीत लपते.

अँटिसेप्टिक टाकून अंघोळ, डेटॉलचे बोळे, लिंबू, लसूण, टूथपेस्ट, रॉकेल, बॅटरीचं पाणी, हे सगळं मी कातडीवर पाहिलेलं आहे. यातल्या बहुतेकांनी फक्त भाजतं, आणि भाजलेल्या जागी बुरशी शोधणं अवघड होतं. जुन्या औषधांना मात्र मी सरसकट हसत नाही. टाकळा, ज्याची कोवळी भाजी आपण पहिल्या पावसानंतर करतो, त्याचं संस्कृत नावच चक्रमर्द, आणि दुसरं दद्रुघ्न, म्हणजे नायट्याला मारणारा. आणि एकोणिसाव्या शतकात गजकर्णावर ‘गोवा पावडर’ देशभर विकली जायची. ती मुळात गोव्याची नव्हतीच. ब्राझीलमधल्या एका झाडाच्या खोडातली पिवळी भुकटी पोर्तुगीज जहाजांतून गोव्यात यायची आणि तिथून पुढे जायची. ती काम करायची, पण कातडी सोलवटून काढायची आणि कपड्यांना जांभळे-तपकिरी डाग पाडायची, जे जात नसत. तिच्यातल्या क्रायसारोबिनला पर्याय शोधताना निघालेलं डायथ्रॅनॉल आज सोरायसिसवर वापरतात. इतिहास म्हणून मला हे फार आवडतं. पण आज हातात त्याहून बरी औषधं आहेत, आणि टाकळ्याची भाजी करून खावी, ती उत्तमच लागते.

बुरशीचे म्हणून लोक दाखवायला आणतात ते बाकीचे प्रकार थोडक्यात सांगते, कारण गजकर्णाचं मलम सगळीकडे फासलं जातं.

पाठीवर, छातीवर, मानेवर पांढरट किंवा फिकट तपकिरी ठिपके, नखाने खरवडलं की भुशासारखा कोंडा, खाज जवळजवळ नाही, ते शिबं. ही मालासेझिया नावाची यीस्ट, सगळ्यांच्याच तेलकट कातडीवर राहणारी, उन्हाळ्या-पावसाळ्यात जोर धरते. संसर्गजन्य नाही, टॉवेलवरून भांडायला नको. किटोकोनॅझोलचा शाम्पू पाच मिनिटं अंगावर ठेवून धुणं, काही दिवस, इतकं बहुतेकांना पुरतं. टर्बिनाफिनच्या गोळीचा इथे उपयोग होत नाही, ती यीस्ट या गोळीला दाद देत नाही. बुरशी मेल्यावरही पांढरेपणा दोन-चार महिने राहतो, रंग सावकाश भरतो. कोंडा येत नसेल तर औषध परत परत करू नका. एक मात्र नक्की बघा: फिकट चट्ट्यावर कापसाची वात फिरवल्यावर कळतं का? बधिर असेल, घाम येत नसेल, तर ते शिबं नाही, कुष्ठरोगाची तपासणी हवी. सरकारी दवाखान्यात ती आणि औषध दोन्ही फुकट मिळतात आणि वेळेवर घेतलं तर माणूस ठणठणीत होतो.

चिखल्या आमच्या पनवेल-पेण भागात आवणीच्या दिवसांत रांगेने येतात, आणि शहरात पहारेकऱ्यांच्या, डिलिव्हरी करणाऱ्या पोरांच्या ओल्या बुटांत. करंगळी आणि शेजारच्या बोटातली कातडी पांढरी, फुगलेली, वास येणारी. बेचकी कोरडी ठेवणं हे अर्धं औषध. दुर्लक्ष केलं तर त्या भेगेतून जिवाणू शिरून पाय सुजतो, ताप येतो. साचलेल्या पाण्यातून अशा पायांनी चालून आला असाल आणि ताप आला तर लेप्टोची, म्हणजे लेप्टोस्पायरोसिसची, आठवण डॉक्टरांना करून द्या.

स्तनांखाली, पोटाच्या घडीत, जांघेत ओलसर लालभडक पट्टा आणि त्याच्या भोवती सुटे सुटे लाल ठिपके असतील तर ती बहुधा कॅन्डिडा नावाची यीस्ट. पुरुषांत शिश्नाच्या पुढच्या कातडीला उभ्या बारीक चिरा पडतात, लघवीनंतर चुणचुणतात. अशा माणसाची मी आधी साखर तपासते. कित्येकांना आपल्याला मधुमेह आहे हे माझ्याकडेच कळलंय. मधुमेह आधीच असेल तर गोळ्यांची नावं बघते. डॅपाग्लिफ्लोझिन, एम्पाग्लिफ्लोझिन ही औषधं साखर लघवीतून बाहेर टाकतात, आणि ती गोड लघवी कॅन्डिडाला मेजवानी. औषध चांगलं आहे, आपल्या मनाने बंद करू नका. प्रत्येक लघवीनंतर धुवून कोरडं करा आणि डॉक्टरांना सांगा.

नखांचं एका ओळीत संपत नाही, पण एवढंच: जाड, पिवळं, भुसभुशीत नख दिसलं म्हणजे बुरशी, असं नाही. अशा नखांत साधारण निम्म्यांतच ती सापडते. तपासणी केल्याशिवाय तीन महिने गोळ्या घेऊ नका. आणि सापडली तर धीर धरा. पायाचं अंगठ्याचं नख महिन्याला दीड मिलीमीटरच्या आसपासच सरकतं, नवं पुरं यायला वर्ष-दीड वर्ष जातं. तुमच्या बाबतीत पायाची नखं यासाठी पाहायची की तिथे बुरशी दडून असेल तर चड्डी घालताना पायावरून ती जांघेपर्यंत प्रवास करते. आधी मोजे, मग चड्डी, हा क्रम हास्यास्पद वाटतो, पण त्या काळात पाळा.

राहिला ‘कायमचं जाईल का’. ही बुरशी गेली की गेली, पण तिची लस नाही. लोकलमध्ये, जिममध्ये, पाहुण्यांच्या टॉवेलवर ती पुन्हा भेटू शकते. पहिला छोटा गोल दिसला आणि तेव्हाच एका घटकाचं मलम बाहेरून आत लावलं, तर तीन-चार आठवड्यांत विषय संपतो. बरं झाल्यावर त्या जागी काळपट डाग राहील. तो आजार नाही, काही महिन्यांत फिकट होईल, त्यावर औषध चोळत बसू नका. आजार गेला हे बोटाने ओळखायचं. डोळे मिटून कातडीवरून बोट फिरवा, कुठे उंचवटा, खरखर लागली नाही आणि खाज नाही, की तिथून दोन आठवडे मोजायला सुरुवात करा.

या आठवड्यातच तिघं मिळून जवळच्या त्वचारोगतज्ज्ञाकडे जा. जाण्यापूर्वी तीन-चार दिवस चट्ट्यांवर कुठलंच मलम, पावडर, तेल लावू नका, म्हणजे कोंडा नीट मिळेल. आठ महिन्यांत घेतलेल्या गोळ्यांच्या पट्ट्या आणि लावलेल्या सगळ्या ट्यूबा एका पिशवीत घालून न्या, रिकाम्यासुद्धा. आणि डॉक्टरांनी चिठ्ठी लिहिल्यावर, तिथेच बसून विचारा की यात स्टिरॉइड आहे का. चांगल्या डॉक्टरला या प्रश्नाचा राग येत नाही.